केस उपटायचे दिवस

सात-आठ वर्षांचे मूल. टाळूच्या बाजूला लिंबाएवढी गाठ, बोट लावले की आत दबणारी. गाठीवर जागोजागी पुवाच्या पुळ्या, वर पिवळट खपल्या, त्यात केस लडबडलेले. मानेमागे आणि कानांमागे अवधाणाच्या गाठी, अंगात कणकण, रात्री त्या कुशीवर झोपता येत नाही. आई म्हणते खवडा झालाय. आजी म्हणते गळू आहे, पिकू द्या, मग फोडू. या गाठीवरचा एखादा केस चिमटीत धरून हलकेच ओढला तर तो अलगद हातात येतो आणि मुलाला कळतही नाही. या रोगाची ही सर्वांत बोलकी खूण. साध्या गळवावरचा केस घट्ट असतो, ओढला की मूल कळवळते.

वैद्यकात या गाठीला केरिऑन म्हणतात. अंगावर गजकर्ण उठवणाऱ्या बुरशीच्या कुळातलीच बुरशी इथे डोक्याच्या केसात शिरलेली असते. पुष्कळ मुलांच्या डोक्यात ती निमूट राहते: एखादा गोल चट्टा, त्यावर तुटके केस, थोडा कोंडा, थोडी खाज. काहींचे शरीर मात्र तिच्यावर तुटून पडते. गाठ, पू, ताप हा सगळा त्या चकमकीचा परिणाम. गाय, घोडा, मांजर, कुत्रा यांच्याकडून आलेली बुरशी असेल तर शरीर अधिक खवळते, कारण ती माणसाच्या कातडीला सरावलेली नसते. म्हणूनच गाठीला चिरा दिला तर फारसे काही निघत नाही. मागे राहतो व्रण, आणि व्रणावर केस उगवत नाही.

एवढी साधी गोष्ट कळायला जवळजवळ अठरा शतके लागली, आणि कळल्यावरही पुढची सुमारे एकशेवीस वर्षे धड उपाय हाती नव्हता. त्या काळात मुलांनी जे सोसले त्याची ही हकीकत आहे.

पहिल्या शतकात रोममध्ये ऑलस कॉर्नेलियस सेल्सस याने आपल्या वैद्यकग्रंथात या गाठीचे वर्णन करून ठेवले: बहुधा डोक्यावर येणारी, दुखरी, अनेक भोकांतून चिकट पू गाळणारी. मधाच्या पोळ्यासारखी दिसते म्हणून ग्रीकांनी तिला दिलेले नाव त्याने वापरले, आणि आजही डॉक्टर त्याच्या नावाची जोड देऊन तिला ‘केरिऑन सेल्सी’ म्हणतात. वर्णन चोख होते. कारण मात्र शरीरातले दोष बिघडले, रक्त नासले, असेच पुढची अठरा शतके सांगितले गेले.

तोवर युरोपात डोक्याच्या सगळ्याच खवड्यांना एका नावाने ओळखत. त्यातला सर्वांत भयंकर प्रकार फेव्हस. डोक्यावर वाटीच्या आकाराच्या पिवळ्या खपल्या चढत, त्यांना उंदराच्या लेंड्यांसारखा वास येई. लहानपणी जडलेला फेव्हस म्हातारपणापर्यंत राही आणि गेला तरी चकचकीत, केसहीन डोके मागे ठेवून जाई. हा रोग गरिबांचा, अनाथालयांचा, दाटीवाटीच्या वस्त्यांचा. त्याने माणूस मरत नसे. पण असे मूल शाळेत घेत नसत, कामावर ठेवत नसत, शेजारी बसवून घेत नसत.

लोकांच्या एक गोष्ट फार पूर्वी ध्यानात आली होती: रोगट केस गेले की रोग जातो. त्यातून निघाला डांबरी टोपीचा उपाय. केस कापून बारीक करायचे. राळ, डांबर, पीठ, शिर्का शिजवून लुकण करायचे, ते कापडाच्या पट्ट्यांवर थापून डोक्यावर घट्ट चिकटवायचे. काही दिवसांनी, लुकण वाळून केसांना पक्के बसले की, पट्टी केसांच्या उलट दिशेने एका झटक्यात ओढायची. पट्टीबरोबर केस येत, कधी कातडीही येई. उरलेल्या केसांसाठी पुन्हा नवी पट्टी. हे आठवडेच्या आठवडे, कधी महिनोन्‌महिने चाले. मुलाला धरून ठेवायला माणसे लागत. इस्पितळांत हा उपाय शतकानुशतके राजरोस चालू होता. तो करणारे सगळे निर्दय नव्हते. त्यांच्यापाशी दुसरे काहीच नव्हते.

एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला पॅरिसमध्ये माहों बंधू पुढे आले. ते डॉक्टर नव्हते. त्यांच्यापाशी गुप्त पूड आणि मलम होते, त्याने केस सैल होऊन फणीने निघत. वेदना पुष्कळच कमी. पॅरिसच्या इस्पितळांच्या कारभाऱ्यांनी १८०७ च्या सुमारास खवड्याच्या रुग्णांचे काम सरळ या बंधूंवर सोपवले. डॉक्टरांच्या तोंडावर ही चपराक होती. पण मुलांच्या बाजूने पाहिले तर त्या कारभाऱ्यांचा निर्णय योग्यच म्हणावा लागतो.

रोगाचे कारण सापडले ते रेशमाच्या किड्यांमुळे. इटलीत आगोस्तीनो बास्सी याने १८३५ साली दाखवून दिले की रेशमाचे किडे पांढरे पडून मरतात ते एका बुरशीमुळे, आणि ती एका किड्यावरून दुसऱ्यावर जाते. बर्लिनमध्ये रोबर्ट रेमाक या तरुणाने १८३७ च्या सुमारास फेव्हसच्या खपल्या सूक्ष्मदर्शकाखाली धरल्या तेव्हा त्याला त्यात धागे आणि गोल कण दिसले. ते काय आहे हे ठामपणे सांगण्याचे धाडस त्याने त्या वेळी केले नाही. झुरिचचे प्राध्यापक योहान शोनलाइन यांनी १८३९ साली जेमतेम पानभर मजकुरात लिहून टाकले की फेव्हस ही बुरशी आहे. पुढे रेमाकने खपली स्वतःच्या हातावर बांधून रोग ओढवून घेतला, तो लागट असल्याचे सिद्ध केले आणि १८४५ साली त्या बुरशीला नाव दिले ते शोनलाइन यांचे. रेमाक ज्यू होता, त्यामुळे प्रशियात प्राध्यापकीची वाट त्याला बंद होती. पाहिले त्याने आधी, मान दिला दुसऱ्याला. असा उमदेपणा विज्ञानाच्या इतिहासात फार आढळत नाही.

रेमाक आणि शोनलाइन यांच्या कामाची काहीही माहिती नसताना पॅरिसमध्ये आणखी एक माणूस तेच शोधत होता. दाविद ग्रुबी हा हंगेरीतल्या एका गरीब ज्यू शेतकऱ्याचा मुलगा, जन्म १८१०. व्हिएन्नात वैद्यक शिकला, तिथे पुढे जायचे तर धर्म बदलावा लागणार म्हणून पॅरिसला आला. १८४१ ते १८४४ या चार वर्षांत त्याने फ्रेंच विज्ञान अकादमीपुढे एकामागून एक टिपणे सादर केली. फेव्हसची बुरशी, दाढीच्या केसांभोवती वाढणारी बुरशी, मुलांच्या डोक्यावर गोल चट्टे पाडणारी आणि केसाभोवती बारीक कणांचे वेष्टण करणारी बुरशी, केसाच्या आत शिरून कणांच्या माळा करणारी बुरशी. तिसरीला त्याने ‘मायक्रोस्पोरम ओडुइनी’ हे नाव दिले, ते आजही चालते. केसाबाहेर वाढणारी आणि केसाच्या आत वाढणारी हा जो भेद त्याने केला, तोच आजचा तंत्रज्ञ काचपट्टी पाहताना करतो. रॉबर्ट कॉखने क्षयाचा जंतू दाखवला तो १८८२ साली. माणसाचा एखादा रोग डोळ्यांना न दिसणाऱ्या सजीवामुळे होतो हे त्याच्या चाळीस वर्षे आधी या खवडेभरल्या डोक्यांवर सिद्ध झाले होते.

पॅरिसच्या सेंट लुई इस्पितळातल्या त्वचारोगाच्या मोठ्या डॉक्टरांनी हे मानले नाही. काझनाव यांच्यासारख्या नामवंताने बुरशीची कल्पना धुडकावून लावली. खपलीत बुरशी दिसली तर ती रोगानंतर उगवली असेल, रोगाने तिला जागा दिली असेल, असा त्यांचा पवित्रा. माझ्या मते हा केवळ मतभेद नव्हता. सूक्ष्मदर्शकाला डोळा लावून पाहणे हे त्या पिढीला डॉक्टरांचे कामच वाटत नव्हते, आणि सांगणारा बाहेरचा, ज्यू, इस्पितळात पद नसलेला. ग्रुबीने हळूहळू संशोधन सोडले आणि खासगी व्यवसायात बुडून गेला. संगीतकार शोपां, लेखिका जॉर्ज सांद, कवी हाइन अशी माणसे त्याची रुग्ण झाली. १८९८ मध्ये तो पॅरिसमध्येच वारला.

त्याच्या आयुष्याच्या शेवटच्या वर्षांत सेंट लुईतच रेमाँ साबुरो या तरुण डॉक्टरने खवड्यांच्या बुरशा पेप्टोन आणि साखरेच्या खळीवर वाढवायला घेतल्या. जे आपल्याला नव्याने दिसते आहे ते पन्नास वर्षांपूर्वी कोणीतरी तंतोतंत लिहून ठेवले आहे, हे त्याला जुनी टिपणे चाळताना कळले, आणि त्याने ग्रुबीचे श्रेय ग्रुबीला जाहीरपणे दिले. साबुरोच्या नावाची ती खळ आज मुंबई-पुण्यातल्याच नव्हे, तालुक्याच्या गावातल्या प्रयोगशाळेतही बुरशी वाढवायला वापरतात.

बुरशीच्या शोधाचा एक धागा मुंबईतही आहे. ग्रे यांच्या शरीररचनेच्या प्रसिद्ध ग्रंथातली चित्रे काढणारा हेन्री व्हॅनडाइक कार्टर १८५८ साली मुंबईत आला, ग्रँट मेडिकल कॉलेजात शिकवू लागला, आणि अनवाणी शेतकऱ्यांचे पाय सुजवून भोके पाडणाऱ्या मदुरा रोगाच्या मुळाशी बुरशी असल्याचे त्याने मांडले. डोके सोडून पाय, पण प्रश्न तोच होता.

कारण कळले, तरी उपाय का सापडेना? याचे उत्तर सेंट लुईतल्याच एर्नेस्ट बाझां यांनी १८५० नंतर दिले. आधी ते स्वतः बुरशीवर विश्वास ठेवणारे नव्हते; पटल्यावर मात्र त्यांनी सगळी पद्धत बदलली. बुरशी केसाच्या मुळापर्यंत, कातडीच्या खाली उतरलेली असते. मलम वरच्या वर राहते, तिथवर पोहोचतच नाही. म्हणून केस उपटायचा, आणि मोकळ्या झालेल्या भोकात औषध मुरवायचे. डांबरी टोपीऐवजी चिमटा आला. एकेक केस, रोज थोडे थोडे, वर्ष-वर्ष, कधी दोन वर्षे. एवढा काळ मुले शाळेवाचून राहणार म्हणून १८८६ साली सेंट लुईच्या आवारात खवडेवाल्या मुलांसाठी वेगळी शाळाच काढली. डॉक्टर लायय यांचे नाव त्या शाळेला दिले.

याच लायय यांनी एक अजब माणूस इस्पितळात आणला होता. ज्यूल बारेता हा पॅरिसच्या एका बाजारगल्लीत कागदाच्या लगद्याची फळे बनवून विकायचा. ती फळे इतकी हुबेहूब की लायय यांनी त्याला रुग्णांच्या कातडीचे साचे घ्यायला बोलावले. बारेताने रुग्णाच्या अंगावरून साचा घेऊन मेणाच्या प्रतिकृती केल्या. त्यात रंग भरले, कडेला पांढरे कापड बसवले, काहींत खरे केस रोवले. सेंट लुईतल्या त्या संग्रहालयात आज साडेचार हजारांहून अधिक मेणाच्या प्रतिकृती आहेत. मेणाच्या डोक्यांवर सुजेचा लाल रंग, पुवाचा पिवळा थेंब, तुटक्या केसांचे काळे ठिपके जसेच्या तसे आहेत. छायाचित्रे रंगीत होण्यापूर्वी खवडा ओळखायला डॉक्टर असा शिकत होता.

आता परत केरिऑनकडे. डॉक्टरांना एक गोष्ट कोड्यात टाकत होती. निमूट चट्टे वर्षानुवर्षे हटत नाहीत. आणि ज्या मुलाला दुखरी, पुवाने भरलेली गाठ येते त्याचे केस आपोआप गळतात आणि बुरशीही निघून जाते. मग आपणच गाठ का आणू नये? लंडनच्या क्राइस्ट्स हॉस्पिटलमध्ये (नावात हॉस्पिटल असले तरी ही मुलांची निवासी शाळा) अल्डर स्मिथ हे निवासी डॉक्टर होते. त्यांनी हट्टी चट्ट्यांवर क्रोटनचे तेल लावायला सुरुवात केली. क्रोटन म्हणजे आपला जमालगोटा. ज्याच्या बीने पोट धडाधड वाहते त्याचे तेल कातडीवर पडले की फोड येतो. थेंबभर तेल कुंचल्याने चट्ट्यावर, तेही छोट्याशा जागेवर, रोज. सूज आली, पू झाला, केस सुटले की थांबायचे. मात्रा थोडी चुकली तर कायमचा व्रण. मुलांना त्याने किती आग होत असेल, याची कल्पनाच करवत नाही. तरीही या डॉक्टरांचे निरीक्षण खरे होते, हे सांगायला हवे: केरिऑन म्हणजे शरीराने स्वतः केलेला उपचार आहे, फक्त तो भरमसाट आहे.

१८९५ च्या अखेरीस राँटगेन यांना क्ष-किरण सापडले. पुढच्याच वर्षी व्हिएन्नात लेओपोल्ड फ्रॉइंड यांनी पाच वर्षांच्या एका मुलीच्या पाठीवरच्या केसाळ डागावर ते सोडले. केस गळले, पाठोपाठ कातडीवर न भरणारी जखमही झाली. खवड्यांवर काम करणाऱ्यांना यातला पहिला भागच दिसला: केस उपटावे लागत नाहीत, आपले आपण गळतात. साबुरोने आपले सहकारी नॉरे यांच्याबरोबर १९०४ मध्ये मात्रेचे गणित बसवले. किरणांच्या वाटेत एक छोटी रासायनिक टिकली ठेवायची. तिचा हिरवा रंग ठरावीक तपकिरी छटेला आला की यंत्र बंद. दोन-तीन आठवड्यांत केस गळत, दोन-तीन महिन्यांत नवे, निरोगी केस येत. जिथे दोन वर्षे लागत तिथे आता तीन महिने. लायय शाळेत वर्षानुवर्षे अडकलेली मुले घरी जाऊ लागली. पुढे कीनबॉक आणि अ‍ॅडमसन या डॉक्टरांनी डोक्याचे पाच भाग पाडून सगळीकडे सारखी मात्रा देण्याची पद्धत ठरवली, आणि ती पन्नास वर्षे जगभर चालली. तिच्याच जोडीला थॅलियमचे क्षार पोटात देऊन केस गाळण्याचा उपाय १९२० नंतर पसरला. ते जहर आहे, औषध आणि विष यांत अंतर नाही, आणि त्याने मुले दगावली.

हे उपाय शोधले जात असताना खवड्याची धास्ती देशांच्या सीमेवरही पोहोचली होती. अमेरिकेत १८९१ च्या कायद्याने किळसवाण्या किंवा धोकादायक लागट रोगाच्या माणसाला देशात घ्यायचे नाही असे ठरवले. न्यूयॉर्कच्या बंदरातल्या एलिस बेटावर उतरलेल्या प्रवाशाची टोपी काढून डॉक्टर डोके पाहत. संशय आला की अंगावरच्या कोटावर खडूने खूण. फेव्हस निघाला तर परतीचे जहाज. पूर्व युरोपातून सारे विकून आलेल्या कुटुंबांची एका मुलाच्या डोक्यावरून ताटातूट झाली.

पण क्ष-किरणांचा हिशेब चुकता झाला तो इस्रायलमध्ये. १९४८ नंतर उत्तर आफ्रिका आणि मध्य पूर्वेतून आलेल्या निर्वासितांच्या मुलांत खवड्याचे प्रमाण मोठे होते. १९६० पर्यंत तिथे हजारो मुलांच्या डोक्यांवर क्ष-किरण सोडले गेले. त्या काळच्या समजुतीप्रमाणे ही उत्तम, आधुनिक, जगमान्य पद्धत होती. बारूख मोदान आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी अशा सुमारे ११ हजार मुलांचा मागोवा घेऊन १९७४ साली ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात निष्कर्ष छापले: डोक्यातल्या आणि थायरॉइडच्या गाठी, कर्करोग, या मुलांत स्पष्टपणे जास्त. १९९४ साली इस्रायलने त्यांना भरपाई देण्याचा कायदा केला. कुणाचा हेतू वाईट होता असे मला वाटत नाही. पण ज्या रोगाने जीव जात नाही, त्याच्यावर जीव घेऊ शकणारा उपाय हजारो मुलांवर करताना कुणीतरी आधी थांबायला हवे होते.

आणि उपाय तर १९३९ पासून बाटलीत पडून होता. त्या साली लंडनच्या स्कूल ऑफ हायजीनमध्ये ऑक्सफर्ड, रेस्ट्रिक आणि सिमोनार यांनी पेनिसिलियम कुळातल्या एका बुरशीतून ग्रिझिओफल्विन वेगळे केले होते. जिवाणूंवर त्याचा परिणाम नव्हता, आणि सगळ्यांचे लक्ष तेव्हा जिवाणूंवर. इंग्लंडच्या डॉर्सेट परगण्यात वेअरहॅमच्या माळावर सूचिपर्णी झाडे नीट वाढत नव्हती. ते का, हे शोधताना ब्रायन आणि सहकाऱ्यांना १९४६ मध्ये मातीतल्या बुरशीत एक पदार्थ सापडला. त्याने दुसऱ्या बुरशीचे धागे आक्रसून वेटोळे होत. वर्षभरात कळले की हा पदार्थ म्हणजे तेच ग्रिझिओफल्विन. तरीही माणसाच्या तोंडात ते जायला आणखी दहा वर्षे गेली. ग्लासगोच्या जेंटल्स यांनी १९५८ साली गिनीपिगांना ते खाऊ घातले आणि त्यांच्या केसातली बुरशी हटली. त्याच वर्षअखेरीस लंडनमध्ये माणसांवरच्या उपचाराचे पहिले निकाल छापून आले.

गोळी पोटात जाते, रक्तातून केसाच्या मुळाशी तयार होणाऱ्या नव्या केरॅटिनमध्ये बसते, बुरशीची वाढ थांबवते. केस मुळापासून निरोगी वाढत वर येतो, जुना रोगट भाग पुढे सरकतो आणि झडतो. बाझांचा चिमटा जिथे पोहोचू पाहत होता तिथे गोळी आतून पोहोचली. केस उपटायची गरज संपली. क्ष-किरणाची यंत्रे बंद झाली.

म्हणून आता आपल्या दारातले बोलू. मुलाच्या डोक्यावर मऊ, दुखरी, पू गाळणारी गाठ दिसली आणि केस सहज सुटत असतील, तर ती कापू देऊ नका. डॉक्टरांना चार-दोन केस आणि थोडी खपली पोटॅश टाकून सूक्ष्मदर्शकाखाली पाहायला सांगा. केरिऑनमध्ये बुरशी थोडी असते, तेव्हा पहिल्या तपासणीत दिसली नाही म्हणून ती नाही असे धरू नये, केस साबुरोच्या खळीवर वाढवून पाहावेत. निळसर वूड दिव्याखाली काही बुरशा हिरव्या चमकतात, पण आपल्याकडे सर्रास आढळणारी ट्रायकोफायटन व्हायोलेशियम चमकत नाही. नुसते मलम पुरत नाही, आणि दुकानातून विचारून आणलेले स्टेरॉइडमिश्रित मलम तर मुळीच लावू नये. ग्रिझिओफल्विन सहा ते आठ आठवडे, दुधाबरोबर किंवा तुपाच्या घासाबरोबर. बुरशीच्या प्रकारानुसार टर्बिनाफिनही चालते. काय आणि किती, हे डॉक्टरच ठरवतील. औषध सुरू झाल्यावर अंगावर बारीक पुरळ उठली तर ती पुष्कळदा औषधाची अ‍ॅलर्जी नसून मरणाऱ्या बुरशीला शरीराने दिलेला जबाब असते. गोळ्या मनाने बंद करू नका, दाखवून घ्या. घरातल्या इतर मुलांची डोकी तपासा, कंगवे आणि टोप्या वेगळ्या ठेवा, घरात मांजर-कुत्रे किंवा गोठ्यात गुरे असतील तर त्यांच्या अंगावर चट्टे आहेत का पाहा. उपचार सुरू झाला की मुलाला शाळेत पाठवायला हरकत नसते. आणि त्याचा चमनगोटा करू नका. त्याची आता काहीच गरज नाही.